गिरणीमालकांची जागा आणि सर व्हिक्टर ससून

गुरुग्राम : केंद्र सरकारने २१ नोव्हेंबर २०२५ रोजी चार कामगार संहिता अमलात आणल्या आणि १९३६चा वेतनविषयक कायदा त्यांत विलीन झाला. मानेसरच्या कारखान्यांपासून उद्योग विहारच्या कचेऱ्यांपर्यंत प्रत्येक पगारपत्रकाशी या बदलाचा संबंध आहे. पगार वेळेवर द्यावा, दंडाच्या नावाखाली त्याला मनमानी कात्री लावू नये, हे बंधन मालकांवर घालणाऱ्या त्या जुन्या कायद्याची पाळेमुळे मात्र मुंबईच्या गिरणगावात आहेत. ती शोधू लागले की एका ज्यू गिरणीमालकाची राजकीय कारकीर्द समोर येते. त्यांचे नाव सर एलिस व्हिक्टर ससून.

ससून घराणे मूळचे बगदादचे. डेव्हिड ससून १८३२च्या सुमारास मुंबईत आले आणि कापूस व अफूच्या व्यापारावर त्यांनी साम्राज्य उभारले. पुण्याचे ससून रुग्णालय त्यांच्याच देणगीतून उभे राहिले. शतकानुशतके कोकणात मराठी बोलत राहिलेल्या बेने इस्रायलींपेक्षा हा बगदादी ज्यू समाज वेगळा. त्याचे लक्ष मुंबईइतकेच लंडन आणि शांघायकडे असे. डेव्हिड यांचे पुत्र इलियास यांनी १८६७ साली ‘ई. डी. ससून आणि कंपनी’ ही स्वतंत्र पेढी काढली. व्हिक्टर हे या इलियास यांचे नातू. जन्म १८८१चा, शिक्षण हॅरो आणि केंब्रिजचे. पहिल्या महायुद्धात विमान अपघातात पायाला झालेली दुखापत त्यांना जन्मभर पुरली. १९२४ साली वडिलांच्या निधनानंतर सरदारकी आणि पेढीची सूत्रे त्यांच्याकडे आली. तेव्हा मुंबईतील सर्वांत मोठा गिरणीसमूह याच पेढीच्या हाती होता.

राजकारणात ते आले ते लोकांच्या दारी मते मागून नव्हे. १९१९च्या सुधारणांनुसार स्थापन झालेल्या केंद्रीय विधिमंडळात व्यापार-उद्योगासाठी राखीव जागा होत्या. त्यांपैकी एक मुंबई आणि अहमदाबादच्या गिरणीमालक संघांकडे आळीपाळीने जाई. ससून १९२२-२३ आणि १९२६ ते १९२९ या काळात मुंबईच्या मालकांचे प्रतिनिधी म्हणून दिल्लीत बसले. मधल्या काळात अहमदाबादचे कस्तुरभाई लालभाई होते. आजची दिल्ली विधानसभा जेथे भरते त्या जुन्या सचिवालयात त्यांची पहिली कारकीर्द गेली. दुसरी १९२७ साली उघडलेल्या कौन्सिल हाऊसमध्ये, म्हणजे आजच्या संविधान सदनात गेली. मतदार मूठभर, हितसंबंध उघड. भांडवलाने दिल्लीत आपला आवाज कसा पोहोचवावा याची ही सरळ, कागदोपत्री नोंदलेली व्यवस्था होती. आज ही राखीव जागा नाही, हितसंबंध मात्र आहेत, आणि त्यांचा माग काढणे पूर्वीपेक्षा अवघड झाले आहे.

त्याच सभागृहात दुसरा मुंबईकर बसत असे. गोरेगाव (कुलाबा) येथे जन्मलेले नारायण मल्हार जोशी १९२१पासून कामगारांचे नामनियुक्त प्रतिनिधी होते. त्यांच्यामागे ना मतदारसंघ होता, ना पेढी. १९२८ साली मुंबईच्या दीड लाखांच्या आसपास गिरणी कामगारांनी सुमारे सहा महिने संप केला आणि सरकारचे धाबे दणाणले. उत्तर दुहेरी आले. एप्रिल १९२९मध्ये संपांवर निर्बंध घालणारे औद्योगिक कलह विधेयक मंजूर झाले. भगतसिंग आणि बटुकेश्वर दत्त यांनी ८ एप्रिलला सभागृहात बॉम्ब टाकला त्यामागे या विधेयकाचाही निषेध होता. त्याच वर्षी जुलैत सरकारने जे. एच. व्हिटली यांच्या अध्यक्षतेखाली शाही मजूर आयोग नेमला.

या आयोगात ससून होते, घनश्यामदास बिर्ला होते आणि जोशी व दिवाण चमनलालही होते. मालक आणि कामगारांचे कैवारी एकाच मेजाभोवती बसले आणि १९३१ साली अहवाल आला. गिरण्यांत भरती, बढती आणि बडतर्फी जॉबरच्या हाती होती व नोकरीसाठी त्याला दस्तुरी द्यावी लागे. ही सत्ता मोडण्यासाठी मजूर अधिकारी नेमावेत, अशी शिफारस झाली. ठेकेदारामार्फत मानेसरला आलेल्या तरुणाला हे वर्णन परके वाटू नये. पुढे १९३४च्या कारखाना कायद्याने बारमाही कारखान्यांतील आठवडा ६० तासांवरून ५४ तासांवर आणला आणि १९३६ साली वेतनाचा कायदा झाला.

ससून तोवर निघून गेले होते. करभार आणि राजकीय अनिश्चितता यांना कंटाळून त्यांनी १९३१ साली भारतातील मुक्काम हलवून शांघायला जाण्याचा निर्णय जाहीर केला. तेथे त्यांचे कॅथे हॉटेल १९२९मध्येच उभे राहिले होते. हिटलरच्या छळातून शांघायला पोहोचलेल्या हजारो ज्यू निर्वासितांना त्यांनी आपल्या इमारतीत आसरा दिला, हेही नोंदवले पाहिजे. १९४९च्या साम्यवादी क्रांतीने शांघायची मालमत्ताही गेली. १९६१ साली बहामात त्यांचे निधन झाले. भांडवलाला देश बदलता आला. रत्नागिरी-साताऱ्याहून गिरणगावात आलेल्या कामगाराला चाळ बदलणेही कठीण होते. जोशी मात्र १९४७पर्यंत दिल्लीत त्याच कामगाराची बाजू मांडत राहिले.

या कथेचा राजकीय धडा व्यक्तीपेक्षा त्या मेजाचा आहे. डॉ. बाबासाहेब आंबेडकर व्हाइसरॉयच्या मंडळात मजूर खाते सांभाळत असताना ऑगस्ट १९४२मध्ये सरकार, मालक आणि कामगार यांची त्रिपक्षीय परिषद नवी दिल्लीत भरली. स्वतंत्र भारतात हीच परंपरा भारतीय श्रम परिषदेने चालवली. तिचे ४६वे अधिवेशन जुलै २०१५मध्ये झाले. त्यानंतर संहिता संसदेत मंजूर होऊन लागू होईपर्यंत ती एकदाही भरली नाही. परक्या सरकारलाही जी चर्चा टाळता आली नाही ती स्वकीय सरकारने टाळावी, याचे समर्थन संहितांच्या गुणदोषांवरून करता येणार नाही.

ससूनांच्या गिरण्या पुढे ‘इंडिया युनायटेड मिल्स’ झाल्या व नंतर राष्ट्रीय वस्त्रोद्योग महामंडळाकडे गेल्या. त्यांतील सहा क्रमांकाची दादरची गिरणी म्हणजे इंदू मिल. तिच्याच जमिनीवर आंबेडकरांच्या स्मारकाची पायाभरणी २०१५च्या ऑक्टोबरमध्ये झाली. गिरणीची जमीन स्मारकाला मिळाली, आता मेजावरची जागा कामगाराला परत मिळायला हवी.