शंभर ग्रॅम गॅस आणि बंद स्वयंपाकघर

घरचा सिलिंडर गॅसने भरलेला असतो, असं आपण सगळेच म्हणतो. खरं तर नव्या सिलिंडरचा साधारण पाऊण भाग द्रवाने भरलेला असतो. प्रोपेन आणि ब्युटेन दाबाखाली पातळ होऊन तिथे बसलेले असतात, आणि त्यांची वाफ फक्त वरच्या मोकळ्या जागेत असते. एवढी एक गोष्ट लक्षात आली की बाकीचे बरेच गैरसमज आपोआप सुटतात.

उदाहरणार्थ, ‘गॅस निम्मा संपला म्हणजे दाबही निम्मा झाला.’ अकरावीत शिकलेलं PV = nRT सिलिंडरला जसंच्या तसं लावलं की हेच उत्तर येतं, आणि ते चुकतं. वाफ बाहेर गेली की तिची जागा भरायला द्रव उकळतो. तळाशी द्रव शिल्लक आहे तोवर आतला दाब ठरतो तो मुख्यतः तापमानावरून. म्हणून दाब मोजून किती गॅस उरला ते कळत नाही. त्यासाठी वजनच करावं लागतं: काट्यावरच्या आकड्यातून सिलिंडरवर रंगवलेलं रिकामं वजन वजा करायचं. पूर्ण भरलेल्यात हा फरक 14.2 किलो येतो. शेवटचा थोडा गॅस मिळावा म्हणून सिलिंडर आडवा करणं मात्र घातक आहे, कारण मग रेग्युलेटरमध्ये वाफेऐवजी द्रव शिरू शकतो.

उन्हात ठेवलेल्या सिलिंडरबद्दलही असाच एक चुकीचा हिशोब कानावर येतो: 20 अंशांवरून 40 वर गेलं, म्हणजे तापमान दुप्पट, दाबही दुप्पट. वायुनियमात तापमान केल्विनमध्ये धरायचं असतं. 293 वरून 313, म्हणजे नुसत्या वायूचा दाब जेमतेम 7 टक्के वाढतो. पण एवढ्यावर निर्धास्त होणंही चूकच, कारण आत द्रव आहे. शुद्ध प्रोपेनच्या वाफेचा दाब 20 अंशांना सुमारे 8.4 बार असतो, 40 अंशांना 13.7 च्या आसपास. वाढ साठ टक्क्यांहून जास्त.

मग वायुनियम खरा कामाला येतो कुठे? गळलेला गॅस खोलीत पसरतो तिथे. इथे तो हवेच्या साध्या दाबाला, निव्वळ वायुरूपात असतो आणि सूत्र जवळपास बिनचूक चालतं. 30 अंशांना कुठल्याही वायूचा एक मोल सुमारे 25 लिटर जागा व्यापतो. आपल्या मिश्रणाचा एक मोल सरासरी 52 ग्रॅम धरला, तर 14.2 किलोचे होतात 273 मोल, म्हणजे 6,800 लिटर. आणि हे सगळं बसलेलं असतं 33 लिटरच्या लोखंडी भांड्यात!

आता 3 मीटर लांब, अडीच मीटर रुंद आणि 2.8 मीटर उंच असं बंद स्वयंपाकघर घ्या. त्यात 21,000 लिटर हवा मावते. हा गॅस हवेत सुमारे 2 टक्के झाला की ठिणगीने पेट घेऊ शकतो. 21,000 चे 2 टक्के म्हणजे 420 लिटर, 16.8 मोल, वजनाने 870 ग्रॅमच्या आसपास. ‘एक किलोभर गळल्याशिवाय काही होत नाही’ असं यावरून कुणाला वाटेल, आणि मला सर्वांत जास्त भीती याच समजुतीची वाटते. कारण हा हिशोब गॅस खोलीभर सारखा मिसळला असं गृहीत धरतो. हवेचा एक मोल 29 ग्रॅमचा, गॅसचा 52 चा. गॅस जड आहे. वारा नसेल तर तो खाली उतरतो आणि फरशीलगत साचतो. ओट्यावरची खिडकी उघडी असली तरी तिची चौकट त्याच्या कितीतरी वर असते.

फक्त खालच्या एक फुटाचा थर धरा: 2,250 लिटर. त्याचे 2 टक्के 45 लिटर, म्हणजे 1.8 मोल. वजन शंभर ग्रॅमहूनही कमी! शेगडीचा मोठा बर्नर तासाला दीडशे ते दोनशे ग्रॅम गॅस वापरतो. तो न पेटवता चालू राहिला, तर एवढा गॅस बाहेर यायला साधारण अर्धा तास पुरतो.

म्हणूनच वास आल्यावर ‘पंखा लावू, वास जाईल’ हे करायचं नाही. बटण चालू करताना आणि बंद करतानाही ठिणगी पडू शकते. कशाच्याही बटणाला हात न लावता रेग्युलेटर बंद करायचा, दारं-खिडक्या उघडायच्या, बाहेर पडायचं आणि तिथून 1906 ला फोन करायचा. तो वासही गॅसचा स्वतःचा नाही, गळती कळावी म्हणून त्यात मुद्दाम इथाइल मरकॅप्टन मिसळतात.

मुंबई-पुण्यातल्या पाइपच्या गॅसला मात्र हे गणित उलटं लागतं. तो मुख्यतः मिथेन, मोल 16 ग्रॅमचा, हवेपेक्षा हलका. तो छताकडे जातो आणि पेट घ्यायला साधारण 5 टक्के लागतो. म्हणून गळतीची सूचना देणारं यंत्र सिलिंडरच्या घरात फरशीपासून फूटभर उंचीवर बसवायचं, पाइपच्या घरात छताजवळ.