चाकांवरचा कॅमेरा

चित्रपटाची भाषा चित्रपटगृहाबाहेरही घडते, याचे एक बोलके उदाहरण म्हणून मी अमेरिकन दिग्दर्शक स्टेसी पेराल्टा याच्याकडे पाहतो.

पेराल्टा मुळात खेळाडू. १९७० नंतरच्या दशकात कॅलिफोर्नियातील सँटा मोनिका येथे ‘झेफिर’ या सर्फबोर्डच्या दुकानाभोवती काही मुले जमली, त्यांतलाच तो एक. त्या दशकातील अवर्षणात घराघरांतले पोहण्याचे तलाव कोरडे पडले. ही मुले चोरून त्यांत उतरत आणि गोलाकार भिंतींवर आपली चार चाकांची फळी, म्हणजे स्केटबोर्ड, चढवीत. खेळाचे रूपच त्यामुळे पालटले. पुढे पेराल्टाने जॉर्ज पॉवेल याच्यासह स्केटबोर्डची कंपनी काढली आणि १९८४ साली ‘द बोन्स ब्रिगेड व्हिडिओ शो’ ही चित्रफीत तयार केली. ती घरोघरच्या दूरदर्शन संचांसाठी होती.

अशा स्केटपटांतून हळूहळू एक वेगळे तंत्र रूढ झाले. दूरवर तिपाईवर ठेवलेल्या कॅमेऱ्यातून खेळाडू ठिपक्याएवढा दिसतो, वेग जाणवत नाही. म्हणून छायाचित्रकार स्वतःच फळीवर चढतो, कॅमेरा जमिनीलगत धरतो आणि खेळाडूचा पाठलाग करतो. भिंग रुंद कोनाचे असल्याने अगदी जवळूनही सारे शरीर चौकटीत मावते. सरकणारी जमीन वेगाची जाणीव देते. दुसरा दंडक असा की, उडी आणि उतरणे यांच्यामध्ये दृश्य तोडायचे नाही. तोडले तर उडी खरोखर साधली की नाही, हे कळणार कसे? प्रायोगिक चित्रपटात अखंड दृश्य ही शैली असते. इथे तो पुरावा आहे.

२००१ साली पेराल्टाने आपल्याच जुन्या सवंगड्यांवर ‘डॉगटाउन अँड झी-बॉइज’ हा अनुबोधपट केला. सनडान्स महोत्सवात त्याला दिग्दर्शनाचे पारितोषिक मिळाले. जुनी छायाचित्रे आणि चित्रणाचे तुकडे त्याने झपाट्याने एकमेकांना जोडले आहेत. निवेदक शॉन पेन मध्येच घसा साफ करतो, तेही कापलेले नाही. मला हा मोकळेपणा आवडतो.

परंतु इथेच एक प्रश्न उभा राहतो. सांगणारे प्रामुख्याने मित्र, दिग्दर्शक त्यांच्यातलाच, आणि पैसा स्केटिंगचे बूट विकणाऱ्या ‘व्हॅन्स’ कंपनीचा. उडीला अखंड दृश्याचा पुरावा देता येतो. आठवणीला तो कुठून आणायचा? आतल्या माणसाइतके जवळून दुसरे कोणी दाखवू शकत नाही, हे खरे. पण स्वतःच्या गौरवापासून दूर उभे राहणे त्यालाच सर्वांत अवघड जाते.

आज आपल्यापैकी बहुतेकांच्या खिशात कॅमेरा आहे. स्नेहसंमेलन असो वा मोर्चा, आपणच त्यात असतो आणि आपणच तो टिपतो. पेराल्टाकडून जवळ जाण्याचे धैर्य जरूर घ्यावे. मात्र आपल्या चौकटीत कोण आले नाही, हेही एकदा तपासून पाहावे, असे मला वाटते.