स्यमंतक, परीस आणि जादूची अंगठी

भाद्रपद शुद्ध चतुर्थीच्या रात्री चंद्राकडे पाहू नये, पाहिल्यास चोरीचा आळ येतो, असे आपल्याकडे घरोघरच्या आज्या सांगत आल्या आहेत. चुकून दिसलाच, तर स्यमंतक मण्याची कथा ऐकावी, हा त्यावरचा उतारा. राजूरच्या गणपतीला पायी जाणाऱ्या आमच्या जालना भागातल्या मंडळींना ही कथा ठाऊक नाही, असे सहसा व्हायचे नाही. पण कथा ऐकताना आपले लक्ष श्रीकृष्णावर आलेल्या आळाकडे असते, मण्याकडे नसते. श्रोतेहो, आज आपण जरा मण्याकडे पाहू.

द्वारकेतल्या सत्राजिताला हा मणी सूर्याने दिला. तो रोज आठ भार सोने देई आणि तो जिथे असेल तिथे दुष्काळ वा रोगराई फिरकत नसे. मणी कल्याणाचाच होता, नाही का? पण पुढे काय झाले पाहा. श्रीकृष्णाने तो राजा उग्रसेनासाठी मागितला; सत्राजिताने नकार दिला. त्याचा भाऊ प्रसेन मणी गळ्यात घालून शिकारीला गेला आणि सिंहाच्या तोंडी पडला. सिंहाला जांबवंताने मारले आणि मणी आपल्या मुलाला खेळायला दिला. इकडे सत्राजिताने कुजबूज सुरू केली की, कृष्णानेच भावाला मारले. कृष्णाने माग काढला, गुहेत जांबवंताशी अठ्ठावीस दिवस झुंज घेतली आणि मणी आणून मालकाच्या स्वाधीन केला. सत्राजित ओशाळला. त्याने आपली मुलगी सत्यभामा कृष्णाला दिली.

आपल्या घरची कथा बहुधा इथे संपते. पुराणातली मात्र संपत नाही. अक्रूर आणि कृतवर्मा यांनी शतधन्व्याला चिथावले. त्याने झोपलेल्या सत्राजिताचा गळा कापला आणि मणी पळवला. आता हा अक्रूर कोण? कृष्णाला गोकुळातून मथुरेला आणणारा परमभक्त! त्यालाही मोह आवरला नाही. शतधन्वा मारला गेला, पण मणी त्याच्याजवळ सापडला नाही. तो अक्रूराकडे ठेवून तो पळाला होता. विष्णुपुराणात तर असे आहे की, कृष्णाने ‘मणी मिळाला नाही’ असे सांगताच प्रत्यक्ष बलरामाला ते खरे वाटले नाही. तो रागावून मिथिलेत जाऊन राहिला. एका खड्याने किती जीव घेतले ते सोडाच. सख्ख्या भावाचा भावावरचा विश्वास उडवला, ही खरी किंमत.

जगभरच्या कथांत हेच काम अंगठी करते. आपल्याकडे अंगठी ही बहुतेक वेळा खूण म्हणून येते. मारुतीने अशोकवनात सीतेला दाखवलेली रामाची मुद्रिका घ्या, किंवा माशाच्या पोटातून निघालेली शाकुंतलातली अंगठी घ्या. ती ओळख पटवते, विसरलेले आठवून देते. पश्चिमेकडे अंगठीला सत्ता चिकटली. ग्रीक तत्त्वज्ञ प्लेटो याने ‘रिपब्लिक’ या ग्रंथात लिडिया देशातल्या एका मेंढपाळाची गोष्ट घातली आहे. भूकंपाने जमीन दुभंगली, तिच्या पोटात एक प्रेत आणि त्याच्या बोटात अंगठी. अंगठीचा खडा तळहाताकडे वळवला की घालणारा अदृश्य होई. मेंढपाळाने काय केले? राजवाड्यात शिरून राणीला वश केले, राजाला मारले आणि गादी बळकावली. प्लेटोच्या ग्रंथातला ग्लाउकोन विचारतो की, अशी अंगठी एका सज्जनाला आणि एका दुर्जनाला दिली, तर दोघांच्या वागण्यात फरक राहील काय? म्हणजे आपला चांगुलपणा खरा, की कोणी पाहील या भीतीपुरता?

इंग्लंडमधील ऑक्सफर्डचे प्राध्यापक टोल्किन यांनी १९५४-५५ साली तीन भागांत प्रसिद्ध केलेल्या ‘लॉर्ड ऑफ द रिंग्ज’ या कादंबरीत हाच प्रश्न अधिक कठोरपणे मांडला. तिथली अंगठी मुळातच दुष्टाने, दुसऱ्यांवर हुकूम चालवण्यासाठी घडवलेली. नदीच्या तळाशी ती एकाला सापडते आणि त्याचाच सोबती तिच्यासाठी त्याचा गळा दाबतो. पुढे तो सोबती अंधाऱ्या गुहेत वर्षानुवर्षे तिला कुरवाळत बसतो, माणूसपण गमावतो. गँडाल्फ नावाचा शहाणा जादूगार ती हातात घ्यायलाच नकार देतो. आपण चांगले करण्याच्या इच्छेने ती वापरू आणि त्यातूनच बिघडू, हे त्याला कळते. आणि जो साधाभोळा फ्रोडो ती आगीत टाकायला इतक्या लांब चालत जातो, तोही शेवटच्या क्षणी ‘ही माझी’ म्हणतो! लेखकाने आपल्या नायकालाही सूट दिलेली नाही.

मग दोष वस्तूत, की माणसात? टोल्किन म्हणतो, काही वस्तू अशा असतात की त्या जवळ बाळगणे हाच धोका. विष्णुपुराणाचे म्हणणे वेगळे आहे. शुचिर्भूत माणसाने धारण केला तर स्यमंतक सोने देतो. अशुचि माणसाचा जीव घेतो. शेवटी मणी उघडकीस आला, तेव्हा बलराम आणि सत्यभामा दोघांनाही तो हवासा झाला. कृष्णाने मात्र तो स्वतःही ठेवला नाही. आपल्याला इतक्या बायका, बलरामाला मद्याची आवड. हे व्रत आपल्याच्याने निभणार नाही, असे सांगून त्याने मणी राष्ट्राच्या भल्यासाठी अक्रूराकडेच राहू दिला. मला या कथेत सर्वांत मोठी वाटते ती ही गोष्ट. समर्थ माणसाने आपली मर्यादा चारचौघांत सांगितली.

आपल्या संतांनी याहून पुढची पायरी गाठली. पंढरपूरच्या परिसा भागवताला रुक्मिणीच्या कृपेने परीस मिळाला होता. त्याच्या बायकोने तो नामदेवांच्या राजाईला दिला. घरात दारिद्र्य, राजाईने लोखंडाचे सोने केले, चूल पेटली. बिचारीचे काय चुकले? पण नामदेवांनी परीस चंद्रभागेत फेकून दिला. परिसा भागवत तावातावाने वाळवंटात आला, तेव्हा नामदेवांनी पाण्यातून ओंजळभर खडे काढून दाखवले. ते सगळेच परीस होते. महिपतीने भक्तविजयात सांगितलेल्या या कथेचा अर्थ मी असा घेतो की, ज्या वस्तूसाठी आपण जीव टाकतो, तिचे मोल आपल्या डोळ्यांत असते. डोळे बदलले की परिसाचा खडा होतो.

या सगळ्या जुन्या गोष्टी, आज त्यांचे काय, असे कोणी म्हणेल. तर मग मराठवाड्यातच पाहू. आमच्या शेजारच्या परभणी जिल्ह्यात मानवत येथे १९७२ ते १९७४ या काळात गुप्तधनाच्या आशेने निष्पाप जीवांचे बळी घेतले गेले. तिथे मणी नव्हता, परीस नव्हता, अंगठीही नव्हती. होती ती फक्त जमिनीखाली सोने आहे ही कल्पना! न पाहिलेल्या सोन्यानेसुद्धा माणूस इतका बिघडतो. महाराष्ट्राने २०१३ साली जादूटोणाविरोधी कायदा केला, तो अशाच अघोरी प्रकारांना आळा घालण्यासाठी. पण कायदा हात धरील, मन कोण धरणार?

‘जालना सोने का पालना’ अशी आमच्या गावाची जुनी ख्याती. सोन्याशी आमचे वैर नाही. नवीन जालन्यातला सराफा असो की कुठल्याही गावचा, लेकीच्या लग्नात अंगठी घ्यावी, हौसेने घालावी. पण माणसाच्या हाती दुसऱ्याही अंगठ्या येतात, त्या सराफाकडे मिळत नाहीत. संस्थेच्या तिजोरीची किल्ली, सहीचा अधिकार, कार्यालयाचा शिक्का. कुणी पाहत नसताना ज्या गोष्टींनी काम होते, त्या साऱ्या त्या मेंढपाळाच्याच अंगठीच्या जातीच्या. त्या नदीत फेकता येत नाहीत, कारण समाजाचा गाडा त्यांच्यावर चालतो. तेव्हा कृष्णाने सांगितलेली अट तेवढी आपल्या हाती उरते. ठेव सर्वांची आहे हे विसरू नये, ती कोणाकडे आहे हे सर्वांना दिसत राहावे आणि आपल्याला ती पेलणार नसेल, तर तसे वेळेवर म्हणावे.