संगणकीय खेळांचे साठवण व्यवस्थापन

संगणकीय खेळांचे साठवण व्यवस्थापन म्हणजे वैयक्तिक संगणकावरील खेळांच्या फाइली एकाहून अधिक ड्राइव्हांवर वाटून ठेवणे, गरजेनुसार एका ड्राइव्हवरून दुसऱ्यावर हलवणे आणि त्या नष्ट होण्यापासून जपणे यासंबंधीची कार्यपद्धती होय. खेळांचा वाढता आकार, वेगवान ड्राइव्हांची मर्यादित क्षमता आणि इंटरनेटवरून पुन्हा उतरवून घेण्यास लागणारा वेळ या तीन कारणांनी हा विषय महत्त्वाचा ठरतो. महाड व पोलादपूरसारख्या पूरप्रवण भागात त्याला माहितीच्या सुरक्षिततेचीही बाजू आहे.

## पार्श्वभूमी

1990 च्या दशकात बहुतेक खेळ फ्लॉपी किंवा सीडीवर मिळत आणि संगणकाच्या एकाच हार्ड डिस्कवर सहज मावत. पुढे आकार झपाट्याने वाढला. 2015 मध्ये संगणकासाठी आलेल्या ‘ग्रँड थेफ्ट ऑटो 5’ या खेळास सुमारे 65 गिगाबाइट जागा लागे आणि त्याची विक्री प्रत सात डीव्हीडींची होती. 2023 मधील ‘बाल्डर्स गेट 3’ साठी 150 गिगाबाइट जागा आवश्यक मानली गेली. ‘सायबरपंक 2077’ च्या निर्मात्यांनी 2023 मध्ये किमान आवश्यकतांमधून हार्ड डिस्क वगळून एसएसडी अनिवार्य केली.

याच काळात खेळांचे वितरण डिस्कवरून इंटरनेटकडे वळले. व्हॉल्व्ह कंपनीची ‘स्टीम’ ही सेवा सप्टेंबर 2003 मध्ये, तर ‘एपिक गेम्स स्टोअर’ डिसेंबर 2018 मध्ये सुरू झाले. पुण्यातील नॉडिंग हेड्स गेम्स या संस्थेने तयार केलेला ‘राजी: ॲन एन्शंट एपिक’ हा भारतीय पुराणकथांवर आधारित खेळही 2020 मध्ये संगणकासाठी अशाच सेवांमधून उपलब्ध झाला.

## ड्राइव्हांचे प्रकार

* हार्ड डिस्क – फिरत्या चुंबकीय तबकड्यांवर माहिती साठवते. सलग वाचनाचा वेग साधारणपणे सेकंदाला 100 ते 200 मेगाबाइट असतो. किमतीच्या मानाने क्षमता मोठी असल्यामुळे क्वचित खेळले जाणारे खेळ व राखीव प्रती ठेवण्यास ती सोयीची असते.
* साटा एसएसडी – हिच्यात हलणारे भाग नसतात. वेग सेकंदाला सुमारे 550 मेगाबाइटपर्यंत असतो.
* एनव्हीएमई एसएसडी – मदरबोर्डवरील खाचेत थेट बसते. पीसीआयई तिसऱ्या पिढीत सेकंदाला सुमारे 3,500, तर चौथ्या पिढीत सुमारे 7,000 मेगाबाइटपर्यंत वेग मिळतो.
* बाह्य ड्राइव्ह – यूएसबीद्वारे जोडला जातो. त्याचा वेग ड्राइव्हइतकाच जोडणीच्या प्रकारावरही अवलंबून असतो.

खेळ हार्ड डिस्कवरून एसएसडीवर हलवल्यास तो उघडण्याचा व नवे दृश्य भरण्याचा वेळ कमी होतो. मात्र दर सेकंदास दिसणाऱ्या चित्रचौकटींची संख्या मुख्यतः प्रोसेसर व ग्राफिक्स कार्डावर ठरते, त्यामुळे तिच्यात सहसा मोठा फरक पडत नाही.

ड्राइव्हवर छापलेली क्षमता आणि विंडोजने दाखवलेली क्षमता वेगळी दिसते. उत्पादक 1 टेराबाइट म्हणजे एक लाख कोटी बाइट धरतात, तर विंडोज 1,024 च्या पटीत मोजते. त्यामुळे 1 टेराबाइटचा ड्राइव्ह सुमारे 931 गिगाबाइटचा दिसतो. त्यात काहीही हरवलेले नसते.

## विभाजन आणि स्वतंत्र ड्राइव्ह

भारतात जोडणी करून घेतलेल्या संगणकांमध्ये एकाच हार्ड डिस्कचे ‘सी’, ‘डी’, ‘ई’ असे भाग पाडण्याची पद्धत रूढ आहे. ‘सी’ मध्ये विंडोज आणि ‘डी’ मध्ये खेळ, चित्रपट व छायाचित्रे अशी मांडणी अनेक घरांत आढळते. विंडोज नव्याने टाकताना ‘डी’ मधील फाइली शाबूत राहतात, हा या पद्धतीचा लाभ होय. परंतु हे सर्व भाग एकाच उपकरणावर असल्याने ती डिस्क बिघडल्यास ते एकत्रच जातात. म्हणून ‘सी’ मधील फाइलीची ‘डी’ मध्ये ठेवलेली नक्कल ही राखीव प्रत मानली जात नाही. त्यासाठी दुसरे, स्वतंत्र उपकरणच लागते.

## लायब्ररी फोल्डर

आरंभी स्टीमवरील सर्व खेळ स्टीम ज्या ड्राइव्हवर असे तेथेच ठेवावे लागत. 2012 च्या सुमारास प्रत्येक ड्राइव्हवर स्वतंत्र लायब्ररी फोल्डर करण्याची सोय आली. या फोल्डरातील ‘स्टीमॲप्स’ मध्ये ‘कॉमन’ नावाचा उपफोल्डर असतो आणि खेळाच्या मूळ फाइली त्यात असतात. त्याशिवाय प्रत्येक खेळाची एक छोटी ‘ॲपमॅनिफेस्ट’ फाइल असते. खेळ कोणता, कोठे व किती उतरवला आहे याची नोंद तीत असते. खेळाचा फोल्डर नुसताच उचलून दुसरीकडे ठेवल्यास ही नोंद जुळत नाही आणि खेळ ‘स्थापित नाही’ असा दिसतो. याच कारणासाठी फाइली हाताने हलवण्याऐवजी स्टीमच्या ‘स्टोरेज’ विभागातील हलवण्याची सोय वापरतात.

एपिकच्या खेळांसाठी अनेक वापरकर्ते पुढील रीत अवलंबतात: प्रथम खेळाच्या फोल्डराची नक्कल सुरक्षित ठेवली जाते आणि मूळ खेळ काढून टाकला जातो. मग नव्या ठिकाणी स्थापना सुरू करून ती लगेच थांबवली जाते, तयार झालेल्या फोल्डरात जुन्या फाइली भरल्या जातात आणि स्थापना पुढे चालू केली जाते. असलेल्या फाइलींची पडताळणी होऊन उणीव असलेला भागच उतरवला जातो.

जी आज्ञावली फोल्डर बदलू देत नाही, तिच्यासाठी विंडोजमधील ‘जंक्शन’ हा दुवा उपयोगी पडतो. फाइली दुसऱ्या ड्राइव्हवर हलवून जुन्या जागी ‘एमकेलिंक’ या आज्ञेने दुवा तयार केला की आज्ञावलीला फाइली पूर्वीच्याच ठिकाणी असल्याचे भासते. दुसरा ड्राइव्ह काढून घेतल्यास मात्र हा दुवा निरुपयोगी होतो.

बाह्य ड्राइव्हवर विंडोजचे खेळ ठेवण्यासाठी एनटीएफएस ही फाइल प्रणाली योग्य समजली जाते. जुन्या एफएटी32 प्रणालीत एक फाइल 4 गिगाबाइटपेक्षा मोठी असू शकत नाही आणि आधुनिक खेळांतील अनेक फाइली ही मर्यादा ओलांडतात.

## उतरवणे की नक्कल करणे

100 गिगाबाइटचा खेळ मिळवण्यास लागणारा अंदाजे वेळ पुढीलप्रमाणे येतो:

* सेकंदाला 40 मेगाबिटच्या इंटरनेट जोडणीवर – सुमारे साडेपाच तास
* सेकंदाला 100 मेगाबिटच्या जोडणीवर – सुमारे सव्वादोन तास
* जुन्या यूएसबी 2.0 जोडणीवरील बाह्य ड्राइव्हवरून – सुमारे 48 मिनिटे
* यूएसबी 3.0 वरील बाह्य हार्ड डिस्कवरून, सेकंदाला 120 मेगाबाइट वेग धरल्यास – सुमारे 14 मिनिटे

जेथे मोबाइल डेटावर किंवा मर्यादित वेगाच्या जोडणीवर अवलंबून राहावे लागते, तेथे खेळ काढून टाकण्यापूर्वी त्याची प्रत स्वस्त हार्ड डिस्कवर ठेवणे लाभदायक ठरते. 2023 पासून स्टीममध्ये एकाच स्थानिक जाळ्यातील दोन संगणकांमध्ये खेळाच्या फाइली थेट पाठवण्याची सोयही आहे. वसतिगृहांत व एकत्र कुटुंबांत ती उपयोगी पडते. खेळ चालवण्यासाठी मात्र तो ज्या खात्यावर विकत घेतला आहे ते खाते लागतेच. कायदेशीररीत्या मिळवलेल्या आज्ञावलीची नाश वा हानीपासून संरक्षणापुरती राखीव प्रत काढण्यास भारतीय कॉपीराइट अधिनियम, 1957 च्या कलम 52 मध्ये मुभा आहे.

## प्रगतीच्या नोंदी

खेळाच्या मूळ फाइली पुन्हा मिळवता येतात. खेळाडूने महिनोन्‌महिने खेळून साधलेल्या प्रगतीची नोंद मात्र एकमेव असते, आणि ती बहुधा खेळाच्या फोल्डरात नसते. ‘सी’ ड्राइव्हवरील वापरकर्त्याच्या ‘डॉक्युमेंट्स’, ‘सेव्ह्ड गेम्स’ किंवा लपवलेल्या ‘ॲपडेटा’ या फोल्डरांत ती साठवली जाते. त्यामुळे खेळ ‘डी’ वर हलवला तरी नोंदी ‘सी’ वरच राहतात आणि ‘सी’ पुसून विंडोज नव्याने टाकल्यास खेळ वाचतो, पण प्रगती जाते.

2008 मध्ये सुरू झालेले ‘स्टीम क्लाउड’ अशा नोंदींची प्रत सर्व्हरवर ठेवते. ही सोय द्यावी की नाही हे प्रत्येक खेळाचा निर्माता ठरवत असल्याने ती सर्व खेळांना उपलब्ध नसते. सर्व्हरवरील व संगणकावरील नोंदी भिन्न आढळल्यास कोणती ठेवावी असे विचारले जाते. जुनी डिस्क पुन्हा जोडल्यावर हा प्रश्न हमखास येतो. तेव्हा तारीख न पाहता निवड केल्यास नवी प्रगती पुसली जाऊ शकते.

## महाड-पोलादपूर परिसराचा संदर्भ

सावित्री नदी महाबळेश्वर येथे उगम पावून पोलादपूर तालुक्यातून महाडकडे येते. महाडजवळ गांधारी नदी तिला मिळते. सह्याद्रीत अतिवृष्टी आणि खाडीत भरती एकाच वेळी आल्यास शहरातील पाणी ओसरण्यास विलंब लागतो. जुलै 2005 मध्ये आणि 22 जुलै 2021 रोजी महाडमध्ये मोठे पूर आले. 2021 च्या पुरात बाजारपेठ व अनेक घरांचे तळमजले पाण्याखाली गेले, तसेच वीज व दूरध्वनी सेवा विस्कळीत झाली. त्याच दिवशी महाड तालुक्यातील तळिये येथे दरड कोसळून ऐंशीहून अधिक लोक मृत्युमुखी पडले. पोलादपूर तालुक्यातील केवनाळे व साखर सुतारवाडी येथेही दरडी कोसळल्या. अशा आपत्तीत जीव वाचवणे हेच प्रथम कर्तव्य असते आणि संगणक सोडून जावेच लागते. म्हणूनच माहितीची तजवीज पावसाळ्यापूर्वी करून ठेवणे आवश्यक ठरते.

घरच्या संगणकात खेळांबरोबर कुटुंबाची छायाचित्रे, दाखले आणि विद्यार्थ्यांचे प्रकल्प एकाच डिस्कवर असतात. त्यांपैकी खेळ पुन्हा उतरवता येतात, बाकीचे येत नाही. त्यामुळे जागा वाटताना वेगवान ड्राइव्ह खेळांना आणि राखीव ड्राइव्ह अपरिवर्तनीय फाइलींना, असा क्रम सुचवला जातो. तीन प्रती, दोन प्रकारच्या साधनांवर, त्यांपैकी एक अन्यत्र, हा ‘3-2-1’ नियम येथे लागू पडतो. ‘अन्यत्र’ याचा अर्थ पुराच्या पातळीबाहेरची जागा असा घ्यावा लागतो. एकाच कपाटातील दोन ड्राइव्ह पुरात एकत्रच भिजतात. ज्या कुटुंबांतील कोणी मुंबई-पुण्यास नोकरीनिमित्त राहतात, त्यांना एक बाह्य ड्राइव्ह तेथे ठेवून गणपतीला वा शिमग्याला गावी येताना त्यावरील प्रत अद्ययावत करता येते.

सर्वसाधारण हार्ड डिस्कला हवेचा दाब समतोल राखण्यासाठी गाळणी बसवलेले सूक्ष्म छिद्र असते आणि पुराचे गढूळ पाणी त्यातून आत शिरू शकते. भिजलेली डिस्क चालू करून पाहिल्यास तबकड्यांना इजा होऊन उरलेली माहितीही जाण्याचा धोका असतो. त्यामुळे वीज न जोडता ती तज्ज्ञाकडे नेणे हितावह ठरते. पावसाळ्यात वीज अचानक गेल्यास हलवण्याची क्रिया अर्धवट राहते. नक्कल पूर्ण होऊन पडताळणी झाल्याशिवाय मूळ फाइली न पुसणे आणि शक्य असल्यास यूपीएस वापरणे हे त्यावरील सोपे उपाय होत.

## हे सुद्धा पहा

* हार्ड डिस्क
* फाइल प्रणाली
* महाड
* पोलादपूर
* सावित्री नदी