एका दिवसात सोलापूर

सोलापूरहून अक्कलकोटकडे जाणाऱ्या रस्त्यावर वळसंग हे गाव लागते. गाव दक्षिण सोलापूर तालुक्यात आहे. येथून सोलापूर शहर मोटारीने तासाभराच्या आत गाठता येते. बाजार, दवाखाना, न्यायालय किंवा महाविद्यालय अशा काही ना काही कामासाठी या गावचा माणूस शहरात वरचेवर जात असतो. परंतु कामासाठी जाणे वेगळे आणि शहर पाहण्यासाठी जाणे वेगळे. कामासाठी गेलेल्या माणसाचे लक्ष कामावर आणि परतीच्या गाडीवर असते. किल्ल्याच्या तटावरून शंभर वेळा गेलेला मनुष्य किल्ल्यात एकदाही गेलेला नसतो, असे पुष्कळदा आढळते. म्हणूनच माहितगार मनुष्य बरोबर घेऊन, केवळ पाहण्यासाठी म्हणून, एका दिवसाची सहल काढणे जवळच्या लोकांनाही आवश्यक वाटते.

एका दिवसात मोठे शहर पाहावयाचे म्हणजे पहिली अडचण निवडीची असते. सन २०११ च्या जनगणनेत सोलापूरची वस्ती साडेनऊ लाखांवर होती. इतक्या मोठ्या शहरातील प्रत्येक स्थळी पाच-पाच मिनिटे थांबले तरी दिवस अपुरा पडेल, आणि हाती काहीच लागणार नाही. चांगला मार्गदर्शक सहा-सात ठिकाणेच निवडतो. दुसरी अडचण क्रमाची. इतिहास काळाच्या क्रमाने घडतो. मोटार मात्र रस्त्याच्या क्रमाने चालते. त्यामुळे प्रवाशाला आधी एकविसाव्या शतकातील घरे दिसतात, मग बाराव्या शतकातील तळे दिसते आणि त्यानंतर पुन्हा विसाव्या शतकातील हुतात्म्यांचे पुतळे दिसतात. हे विखुरलेले मणी बोलण्याच्या दोऱ्यात ओवून देणे, हे मार्गदर्शकाचे खरे काम होय.

वळसंगहून निघणाऱ्या सहलीचे पहिले स्थळ वळसंगातच आहे. ते म्हणजे एक विहीर होय. अस्पृश्य मानलेल्या लोकांना सार्वजनिक पाणवठ्यावर पाणी भरू दिले जात नसे, तेव्हाची ही गोष्ट आहे. महाडच्या चवदार तळ्याचा सत्याग्रह सन १९२७ मध्ये झाला. त्यानंतर दहा वर्षांनी, सन १९३७ मध्ये, डॉ. बाबासाहेब आंबेडकर वळसंगला आले आणि दलित वस्तीसाठी खोदलेल्या या विहिरीचे उद्घाटन त्यांच्या हस्ते झाले. विहीर पाहण्यास पाच मिनिटे पुरतात. तेथे कोरीव काम नाही, शिखर नाही. परंतु ज्या घरांतील बायकांना घागर घेऊन दूर उभे राहावे लागे, कोणी वरून पाणी घालील तेव्हाच ती भरे, त्या घरांना आपल्या हाताने पोहरा सोडता येऊ लागला, हे ध्यानात घेतले म्हणजे ही पाच मिनिटे लहान वाटत नाहीत. शहर पाहावयास निघालेल्या पुष्कळ मंडळींची मोटार या विहिरीला वगळून पुढे जाते, ही खेदाची गोष्ट आहे.

वळसंग सोडल्यावर शहराच्या अलीकडे कुंभारी गाव येते. येथे रस्त्याच्या बाजूला एकसारख्या लहान घरांच्या रांगाच रांगा दिसू लागतात. ही विडी कामगार स्त्रियांची वसाहत आहे. सोलापुरात विडी वळण्याचे काम हजारो स्त्रिया करीत आल्या आहेत. तेंदूची पाने भिजवावयाची, ती मापाने कातरावयाची, त्यांत तंबाखू भरून वळावयाचे आणि दोऱ्याने बांधावयाचे; या कामाची मजुरी हजार विड्यांच्या हिशोबाने मिळते. भाड्याच्या एका खोलीत तंबाखूची धूळ आणि चूल शेजारी शेजारी असत. या स्त्रियांनी संघटित होऊन स्वतःच्या घरांची मागणी केली व आपल्या कमाईतील वाटाही भरला. वारली आदिवासींच्या लढ्याच्या नेत्या गोदावरी परुळेकर यांचे नाव दिलेली दहा हजार घरांची वसाहत येथे उभी राहिली, आणि सन २००६ मध्ये तत्कालीन पंतप्रधान डॉ. मनमोहन सिंग यांच्या हस्ते तिचे हस्तांतरण झाले. पुढे याच भागात रे नगर नावाची तीस हजार घरांची योजना हाती घेण्यात आली. तिच्यातील पहिली पंधरा हजार घरे जानेवारी २०२४ मध्ये देण्यात आली. प्रेक्षणीय स्थळांच्या यादीत कामगारांची घरे सहसा नसतात. तरीही येथे दोन मिनिटे मोटार थांबवून रांगांच्या शेवटापर्यंत नजर नेण्याचा प्रयत्न करावा. ती पोहोचत नाही.

यानंतर अक्कलकोट रस्त्यावरील औद्योगिक वसाहत लागते आणि कानांवर यंत्रमागांचा खडखडाट पडू लागतो. सोलापूरची चादर कशी तयार होते हे पाहण्यासाठी परवानगी काढून एखाद्या कारखान्यात जावे. मागावर उभे ताणलेले धागे म्हणजे ताणा आणि त्यांतून आडवा जाणारा धागा म्हणजे बाणा, हे शिकवून कळते; परंतु चादरीवरचे मोर, वेली आणि चौकटी कोठून उमटतात हे पाहिल्यावाचून कळत नाही. मागाच्या वर, छताजवळ, जॅकार्ड नावाची यंत्ररचना बसविलेली असते. फ्रान्समधील लिऑन शहरच्या जॅकार्ड नावाच्या कारागिराने सन १८०४ च्या सुमारास ती सिद्ध केली. जाड पुठ्ठ्याचे पत्ते एकमेकांस शिवून त्यांची लांब माळ केलेली असते आणि प्रत्येक पत्त्यावर ठराविक जागी भोके असतात. जेथे भोक असते तेथील आकडा ताण्याचा धागा उचलतो. जेथे भोक नसते तेथील धागा खालीच राहतो. धोटा या उचललेल्या धाग्यांखालून जातो, पत्ता पालटतो, आणि नक्षीची एक ओळ विणून होते. एका मोरासाठी असे किती तरी पत्ते पालटावे लागतात. सोलापुरी चादर दुहेरी विणीची असते. त्यामुळे वरच्या बाजूस जो रंग नक्षीत असतो तो खालच्या बाजूस जमिनीत दिसतो, आणि चादर दोन्ही बाजूंनी अंथरता येते. नवीन कारखान्यांत हे पत्त्यांचे काम संगणकाकडे गेले आहे. पण तत्त्व तेच आहे. या चादरीला भौगोलिक निर्देशांकाचे संरक्षण मिळाले असून अन्य ठिकाणच्या मालास सोलापुरी चादर हे नाव कायद्याने लावता येत नाही. बाजारात मात्र ते सर्रास लावलेले दिसते.

हे विणकाम करणारी पुष्कळशी घराणी पद्मशाली समाजाची. त्यांचे पूर्वज तेलंगणातून कामाच्या शोधात आले. शहराच्या पूर्व भागात आजही घरोघर तेलुगू बोलली जाते. मराठी, कानडी, तेलुगू आणि उर्दू या चार भाषा एका चौकात ऐकू येणे ही सोलापुरात नवलाची गोष्ट नाही. वळसंगकडच्या मुलांना मराठीबरोबर कानडीही येत असल्यामुळे या शहरात ती परकी ठरत नाहीत. पुण्या-मुंबईच्या पाहुण्यापेक्षा त्यांनाच शहराचे बोलणे अधिक समजते.

दुपारच्या आत भुईकोट किल्ला गाठावा. डोंगरी किल्ल्याचे रक्षण त्याची उंची करते. सपाट जमिनीवरील किल्ल्यास ते काम खंदकाकडून करून घ्यावे लागते. या किल्ल्याला एकात एक असे दोन तट आहेत. पूर्वेस सिद्धेश्वराचे तळे आणि बाकीच्या तिन्ही बाजूंस शंभर फुटांहून अधिक रुंद खंदक, अशी त्याची योजना आहे. मूळ किल्ला बहमनी काळातील, म्हणजे चौदाव्या शतकातील मानतात. पुढे अहमदनगरची निजामशाही आणि विजापूरची आदिलशाही यांच्या सरहद्दीवर तो आला आणि दोघींच्या भांडणाचे कारण बनला. सोळाव्या शतकात आदिलशहाची बहीण निजामशहाला दिली गेली, तेव्हा हा किल्ला हुंड्यात देण्याचे ठरले. तो दिला गेला नाही आणि त्यावरून युद्धे पेटली. पुढच्या पिढीत निजामशाही घराण्यातील चांदबिबी विजापूरच्या अली आदिलशहाला दिली गेली, तेव्हा हाच किल्ला उलट दिशेने हुंड्यात गेला. दोन राजकन्यांच्या लग्नात दगडाचा एक कोट देण्याघेण्याची वस्तू व्हावा, यावरून त्याचे मोल कळते. मे १८१८ मध्ये मन्रोच्या फौजेने तो पेशव्यांच्या सैन्याकडून घेतला. आत आता बाग आहे, आणि एका प्राचीन मंदिराचे कोरीव खांब उभे आहेत. मुलांना तटावर चढण्याची घाई असते. परंतु दोन तटांमधील अरुंद वाटेत उभे राहून, शत्रू पहिला दरवाजा फोडून येथे आला तर त्याच्यावर कोठकोठून मारा होईल, याचा विचार आधी करावा. किल्ला समजण्याची ती जागा आहे.

किल्ल्याला लागूनच तळे आणि तळ्यात सिद्धेश्वराचे मंदिर. बाराव्या शतकात सिद्धरामेश्वर येथे होऊन गेले. तेव्हा या गावाला सोन्नलगी म्हणत. ते बसवेश्वरांचे समकालीन. त्यांची वचने कानडीत आहेत. लोकांना बरोबर घेऊन त्यांनी हे तळे खोदविले आणि गावाभोवती अडुसष्ट लिंगांची स्थापना केली, असे परंपरा सांगते. ज्या मुलखात पाऊस कमी आणि भरवसा त्याहून कमी, तेथे तळे खोदणाऱ्या साधूची आठवण लोकांनी आठ शतके जपली, यात आश्चर्य वाटण्यासारखे काही नाही. संक्रांतीच्या सुमारास येथे गड्ड्याची यात्रा भरते. कुंभारकन्येचा सिद्धरामेश्वरांच्या योगदंडाशी विवाह झाला, या कथेवरून अक्षतासोहळा होतो, आणि सात उंच नंदीध्वज मिरवीत नेले जातात. हे अवजड ध्वज कमरेशी तोलून चालणे सोपे काम नव्हे; त्यासाठी महिनामहिना आधी सराव चालतो. निरनिराळ्या जातींच्या मानकऱ्यांना त्यांत वाटा असतो.

तिसऱ्या प्रहरी सहल चार हुतात्म्यांच्या पुतळ्यांपाशी येते, आणि येथे मार्गदर्शकाने घाई करू नये. मे १९३० मध्ये महात्मा गांधींना अटक झाल्याची वार्ता आली, तेव्हा गिरण्या बंद पडल्या आणि कामगार रस्त्यावर आले. ८ मे रोजी पोलिसांनी गोळीबार केला. संतप्त जमावाने चौक्या आणि न्यायालयाची इमारत पेटविली. चौकीतील दोन पोलीस मारले गेले. इंग्रज अधिकाऱ्यांनी शहर सोडले आणि काही दिवस सोलापूरचा कारभार स्वयंसेवकांच्या हाती राहिला. १२ मे रोजी सरकारने लष्करी कायदा पुकारला. तो जूनअखेरपर्यंत चालू होता. राष्ट्रध्वज मिरविणे हाही त्या दिवसांत शिक्षेस पात्र असा गुन्हा ठरला. पुढे पोलिसांच्या हत्येच्या आरोपावरून मल्लाप्पा धनशेट्टी, कुर्बान हुसेन, जगन्नाथ शिंदे आणि श्रीकिसन सारडा या चौघांवर खटला चालविण्यात आला, आणि १२ जानेवारी १९३१ रोजी येरवड्याच्या तुरुंगात त्यांना फाशी देण्यात आले. चौघांची नावे एकदा मोठ्याने वाचली म्हणजे हे शहर कोणाकोणाचे आहे हे ऐकू येते. दर वर्षी संक्रांतीच्या तोंडावर हा स्मृतिदिन येतो. एकीकडे यात्रेची धामधूम आणि दुसरीकडे पुतळ्यांना हार, असे दोन्ही देखावे शहरात एकाच आठवड्यात दिसतात.

महानगरपालिकेची इंद्रभुवन ही इमारत मोटारीतून पाहिली तरी चालेल. वारद यांनी विसाव्या शतकाच्या आरंभी बांधलेला हा वाडा आहे. दर्शनी भागावरील नक्षीसाठी मान वर करणे पुरे. डॉक्टर द्वारकानाथ कोटणीस यांच्या स्मारकाला मात्र अर्धा तास द्यावा. १९१० मध्ये सोलापुरात जन्मलेला हा तरुण १९३८ मध्ये पाच भारतीय डॉक्टरांच्या पथकाबरोबर चीनला गेला. जपानी आक्रमणाशी झुंजणाऱ्या तेथील सैनिकांची शुश्रूषा करणे हे पथकाचे काम होते. इतर सहकारी परत आले. कोटणीस तेथेच राहिले, तेथील भाषा शिकले, एका रुग्णालयाचे प्रमुख झाले आणि ९ डिसेंबर १९४२ रोजी वयाच्या बत्तिसाव्या वर्षी तेथेच वारले. ज्या घरात त्यांचे बालपण गेले ते घर आता स्मारक म्हणून जपले आहे.

उरलेल्या वेळात काय दाखवावे याविषयी मतभेद होतात. कोणी तलाव आणि बागा सुचवितात. परंतु जे आता दिसत नाही तेही या शहरात दाखविण्यासारखे आहे. सन १८६० मध्ये आगगाडी सोलापुरात आली, आणि कापूस, मजूर व भांडवल यांची गाठ पडली. १८७७ च्या सुमारास जुनी गिरणी निघाली. मागोमाग नरसिंग गिरजी, लक्ष्मी, विष्णू अशा गिरण्या उभ्या राहिल्या. भोंग्यावर शहर उठे आणि भोंग्यावर जेवे. पुढे या गिरण्या एकामागून एक बंद पडल्या. आज त्यांच्या आवारांच्या भिंती, चाळी आणि चौकांना चिकटून राहिलेली नावे तेवढी उरली आहेत. शहराच्या एका भागाला अजून सेटलमेंट म्हणतात. इंग्रजी अमलात ज्या जमातींना कायद्याने जन्मतःच गुन्हेगार ठरविले होते, त्यांना तेथे काटेरी तारेच्या कुंपणात ठेवीत. दिवसा गिरणीत कामावर जावयाचे, ठरल्या वेळी हजेरीस उभे राहावयाचे, आणि परवान्याशिवाय बाहेर पडावयाचे नाही, असे त्यांचे जिणे होते. तो कायदा ऑगस्ट १९५२ मध्ये रद्द झाला. तारा गेल्या, नाव तेवढे राहिले आहे. मोटार या भागातून नेण्यास दहा मिनिटे जास्त लागतात आणि पाहण्यासारखे तेथे काय आहे, असे मुले विचारतात. त्या प्रश्नाचे उत्तर देता येईल असाच मनुष्य सहलीबरोबर घ्यावा.

दिवे लागण्याच्या वेळी मोटार पुन्हा अक्कलकोट रस्त्याला लागते. कारखान्यांची पाळी सुटलेली असते. सकाळी ज्यांना मागावर पाहिले ते कामगार सायकलींवरून घरी निघालेले दिसतात. कुंभारीच्या रांगांतून दिवे लुकलुकत असतात, आणि सकाळी न दिसलेला वसाहतीचा शेवट अंधारात दिव्यांमुळे स्पष्ट दिसतो.