कैफियतीची मुदत
दिवाणी दाव्याचे समन्स बजावल्यापासून ३० दिवसांत, किंवा न्यायालयाने कारणे नमूद करून मुदत वाढविल्यास फार तर ९० दिवसांत, प्रतिवादीने लेखी कैफियत दाखल करावी, असे दिवाणी प्रक्रिया संहितेत स्पष्ट लिहिलेले असले, तरी अपवादात्मक प्रसंगी त्यापुढील विलंबही माफ करण्याचा विवेकाधिकार न्यायाधीशाकडे शाबूत आहे, असे सर्वोच्च न्यायालयाने २००५ साली 'कैलाश विरुद्ध नन्हकू' या निवाड्यात ठरविले. ते योग्यच झाले. कारण जुनी खरेदीखते व फेरफाराचे उतारे मिळविण्यासाठी तहसील कचेरीत खेपा घालणाऱ्या शेतकऱ्याची बाजू न ऐकताच त्याच्यावर हुकूमनामा व्हावा, हे कोणत्या न्यायबुद्धीला रुचेल? अर्थात कारण सबळ हवे, आणि प्रतिवादीला वादीचा खर्चही बहुधा द्यावा लागतो. २०१५ च्या कायद्याखालील वाणिज्यिक दाव्यांत मात्र १२० दिवस उलटले की कैफियतीचा हक्कच संपुष्टात येतो.