अंतःस्थापित यंत्रे आणि सामायिक सॉफ्टवेअर लायब्ररी : एक परिचय

प्रस्तावना : सोनई परिसराचे अर्थकारण प्रामुख्याने ऊस व दूध या दोन उत्पादनांवर अवलंबून आहे. या दोन्हींचे मोजमाप आता इलेक्ट्रॉनिक यंत्रांकडे गेले आहे. वजनकाटा असो वा फॅट तपासणीचे यंत्र, त्याच्या पोटात एक लहानसा मायक्रोकंट्रोलर असतो. तो मोजलेला आकडा तारेवाटे संगणकाकडे पाठवितो आणि त्या आकड्यावर शेतकऱ्याचे देयक निघते. म्हणूनच यंत्र व संगणक यांच्यातील संभाषण हा केवळ तांत्रिक विषय राहत नाही.

हे संभाषण प्रत्येक आज्ञावलीकाराने स्वतंत्रपणे लिहावयाचे म्हटले, तर तेच काम व त्याच चुका पुन्हा पुन्हा होतात. यावर उपाय म्हणजे सामायिक लायब्ररी. पोर्ट उघडणे, संदेश बांधणे, उत्तराची वाट पाहणे, आलेला संदेश वाटेत बिघडला नाही ना हे तपासणे, ही कामे एकदाच लिहून ठेवावयाची व अनेक आज्ञावल्यांनी ती वापरावयाची.

मॉडबसचे उदाहरण : मॉडिकॉन या कंपनीने १९७९ मध्ये प्रसिद्ध केलेला मॉडबस हा संदेशनियम औद्योगिक यंत्रांत आजही रूढ आहे. त्यात माहिती १६ बिटांच्या रजिस्टरमध्ये असते. दशांश संख्येला सामान्यतः ३२ बिट, म्हणजे दोन रजिस्टरे लागतात. मात्र त्यांपैकी कोणते आधी पाठवावयाचे, हे मूळ नियमात ठरविलेले नाही. समजा, उसाच्या ट्रकचे वजन २४.५ टन आहे. दोन रजिस्टरांचा क्रम उलटा वाचला गेल्यास तोच आकडा जवळजवळ शून्य दिसतो. (शून्य निदान चटकन लक्षात तरी येते, दशांशचिन्ह सरकले तर तेही होत नाही.) लिबमॉडबस या सी भाषेतील मुक्तस्रोत लायब्ररीत चारही संभाव्य बाइटक्रमांसाठी स्वतंत्र फंक्शन्स दिलेली आहेत. परंतु आपले यंत्र कोणता क्रम पाळते, हे यंत्राची माहितीपुस्तिका वाचूनच ठरवावे लागते. लायब्ररी ते ओळखू शकत नाही.

खोडद येथील प्रयोग : याच विचाराचे व्यापक रूप अहिल्यानगर जिल्ह्याच्या शेजारी, नारायणगावजवळील खोडद येथे दिसते. तेथील जीएमआरटी या रेडिओ दुर्बिणीत प्रत्येकी ४५ मीटर व्यासाच्या ३० अँटेना आहेत. त्यांपैकी १४ मध्यवर्ती भागात व उर्वरित तीन भुजांवर विखुरलेल्या आहेत. दुर्बिणीच्या नियंत्रण यंत्रणेच्या आधुनिकीकरणात टँगो या मुक्तस्रोत चौकटीचा अवलंब करण्यात आला. टँगोचा उगम फ्रान्समधील ग्रेनोबल येथील सिंक्रोट्रॉन केंद्रात झाला. तीत प्रत्येक उपकरण हे गुणधर्म, आज्ञा व स्थिती या तीन अंगांनी मांडले जाते. मोटार असो वा रिसीव्हर, नियंत्रकाला दोघांशी एकाच भाषेत बोलता येते. उपकरण बदलले तरी केवळ त्याच्यापुरता भाग नव्याने लिहावा लागतो.

सामायिकतेला एक जोखीमही जडलेली आहे. लायब्ररीतील एक दुरुस्ती सर्व आज्ञावल्यांना मिळते, तशीच एक चूकही सर्वांना मिळते. यासाठी लिनक्समध्ये लायब्ररीच्या नावाला आवृत्तीक्रमांक जोडतात. फंक्शनची रचना बदलली की क्रमांक बदलतो आणि जुनी आज्ञावली जुन्याच प्रतीशी जोडलेली राहते.